एक जनरल, दोन दरवाजे आणि बावीस हजार कैदी

पुण्याच्या कॅम्पात ईस्ट स्ट्रीट माहीत नाही असा माणूस विरळाच. कयानीच्या श्रूजबरीसाठी रांगेत उभं राहिलेल्यांना तर तो तोंडपाठ असतो. पण त्या रस्त्याचं कागदोपत्री नाव जनरल थिमय्या रोड आहे हे त्या रांगेतल्या किती जणांना ठाऊक असेल? आणि समजा नाव वाचलंच, तर हे थिमय्या कोण, त्यांनी काय केलं? आपल्याकडे रस्त्याला नाव दिलं की माणूस पत्त्यापुरता उरतो.

तर मंडळी, हे थिमय्या म्हणजे १९५७ ते १९६१ या काळातले आपले लष्करप्रमुख. बहुतेक लोक त्यांना ओळखतात ते काश्मीरमधल्या जोजिला खिंडीसाठी किंवा कृष्ण मेनन यांच्याशी झालेल्या भांडणासाठी. मला मात्र त्यांच्या आयुष्यातले कोरियातले जेमतेम पाच महिने सगळ्यात महत्त्वाचे वाटतात. त्या पाच महिन्यांत त्यांना एकही लढाई जिंकायची नव्हती. काम एवढंच होतं, की बावीस हजारांवर माणसांना विचारायचं, बाबांनो, घरी जायचंय का? ऐकायला किती सोपं!

कोडेंदेरा सुबय्या थिमय्या यांचा जन्म मार्च १९०६ मध्ये कुर्गमधल्या मडिकेरीचा. घरचे कॉफीचे मळे. शिक्षण आधी कुन्नूरला, मग बंगलोरच्या बिशप कॉटन स्कूलमध्ये, म्हणजे आमच्यासारखेच इंग्रजीत स्वप्नं पडणारे विद्यार्थी! डेहराडूनला १९२२ साली इंडियन मिलिटरी कॉलेज निघालं, त्याच्या पहिल्याच बॅचमध्ये ते होते. तिथून सँडहर्स्ट, आणि १९२६ साली कमिशन. त्या काळात सँडहर्स्टमध्ये हिंदी मुलांना बोटांवर मोजण्याइतक्या जागा असत. गोऱ्या अधिकाऱ्यांच्या पंगतीत बसायचं, पण कित्येक क्लबांचे दरवाजे बंद, अशी ती नोकरी. मित्र त्यांना ‘टिमी’ म्हणत.

अलाहाबादला पोस्टिंग असताना स्वातंत्र्याच्या चळवळीचा जोर होता. या तरुण अधिकाऱ्यांना प्रश्न पडला की इंग्रजांची नोकरी सोडावी का. ते मोतीलाल नेहरूंकडे गेले आणि मोतीलालजींनी त्यांना सोडू नका असंच सांगितलं, उद्या देश स्वतंत्र झाला की त्याला शिकलेले सेनाधिकारी लागतील, ते आणणार कुठून, असा त्यांचा मुद्दा होता, असं सांगतात. थिमय्या राहिले. पुढे १९३५ साली क्वेट्ट्याचा भीषण भूकंप झाला तेव्हा नुकतंच लग्न झालेले थिमय्या आणि त्यांच्या पत्नी नीना तिथेच होते. नीनाताईंनी तिथे केलेल्या मदतकार्याबद्दल त्यांना कैसर-ए-हिंद पदक मिळालं. जोडीदार कसा असावा हे यावरून कळतं!

दुसऱ्या महायुद्धातली एक गोष्ट पुढच्या सगळ्याशी जोडून वाचायला हवी. थिमय्यांचे थोरले भाऊ पोन्नप्पा हेसुद्धा सैन्यात होते. ते जपान्यांच्या हाती सापडले, युद्धकैदी झाले आणि मग आझाद हिंद सेनेत गेले. इकडे धाकटे थिमय्या ब्रह्मदेशात त्याच जपान्यांशी लढत होते. जानेवारी १९४५ मध्ये आराकानमधल्या कांगाव इथे जी घनघोर लढाई झाली, तिच्यात एका ब्रिगेडच्या तिन्ही पलटणींचे प्रमुख हिंदी होते: एल. पी. सेन, कोल्हापूरकडचे एस. पी. पी. थोरात आणि थिमय्या. तिघांनाही डीएसओ हे मानाचं पदक मिळालं. म्हणजे एकाच घरात एक भाऊ राजाच्या पदकाचा मानकरी आणि दुसरा त्याच राजाविरुद्ध उभा. कैदेत पडलेल्या माणसाची निष्ठा नक्की कुणाशी, हा प्रश्न थिमय्यांना पुस्तकातून शिकावा लागला नव्हता. (थोरातांचं नाव लक्षात ठेवा, ते परत येणार आहेत.)

युद्धानंतर जपानमध्ये ब्रिगेड कमांडर, मग १९४७ साली फाळणीच्या आगीत पंजाब बाउंडरी फोर्स, आणि १९४८ साली काश्मीर. आपल्या मेकॅनिकल आणि सिव्हिलवाल्यांनी जोजिलाचा किस्सा जरूर वाचावा. खिंडीची उंची साडेअकरा हजार फुटांच्या घरात, वर शत्रू दबा धरून बसलेला, आणि हिवाळा तोंडावर. लेह तुटायची वेळ आली होती. तेव्हा सातव्या कॅव्हलरीचे स्टुअर्ट रणगाडे वर चढवायचं ठरलं. रणगाड्यांचे वरचे तोफेचे घुमट काढले, ताडपत्रीखाली झाकून ते लपतछपत आणले, वाटेतले पूल मजबूत केले, आणि मद्रास सॅपर्सनी खेचरांच्या वाटेचा रणगाड्यांचा रस्ता केला. १ नोव्हेंबर १९४८ रोजी हे रणगाडे खिंडीत शिरले आणि थिमय्या स्वतः पुढच्या रणगाड्यांबरोबर होते. इतक्या उंचीवर रणगाडे येतील अशी कुणी कल्पनाच केली नव्हती. याच काश्मीरच्या मोहिमेत त्यांचे धाकटे भाऊ सोमय्या मारले गेले.

आता कोरिया.

जून १९५० मध्ये उत्तर कोरियाने दक्षिणेवर हल्ला केला, अमेरिका युनोचा झेंडा घेऊन उतरली, चीन ‘स्वयंसेवक’ घेऊन उतरला, आणि वर्षभरात दोन्ही बाजू जिथून निघाल्या साधारण तिथेच येऊन अडकल्या. जुलै १९५१ मध्ये वाटाघाटी सुरू झाल्या. सीमा कुठली, देखरेख कुणाची, हे सगळं हळूहळू जमत आलं. गाडी अडली ती युद्धकैद्यांवर, आणि अशी अडली की १९५२ पासून पुढे वर्षाहून जास्त काळ त्या एका मुद्द्यावर युद्ध चालू राहिलं. टेबलावर वाद आणि डोंगरांवर माणसं मरताहेत!

वाद काय होता? १९४९ च्या जिनिव्हा कराराचं ११८ वं कलम सरळ सांगतं की लढाई थांबली की कैद्यांना विनाविलंब सोडून मायदेशी पाठवायचं. चीन आणि उत्तर कोरिया म्हणाले, करार आहे, आमची माणसं परत द्या. पण अमेरिकेच्या छावण्यांतले हजारो कैदी म्हणत होते की आम्हाला परत जायचंच नाही. चिनी कैद्यांतले बरेच जण मुळात चँग कै शेकच्या फौजेतले होते, यादवी युद्धात हरल्यावर त्यांना कम्युनिस्ट फौजेत भरती केलं गेलं होतं. शिवाय दुसऱ्या महायुद्धानंतर इंग्रज-अमेरिकनांनी लाखो रशियन कैदी जबरदस्तीने स्टालिनकडे परत पाठवले होते. त्यांतल्या कित्येकांनी वाटेतच जीव दिला आणि बाकीचे श्रमछावण्यांत गेले. ते पाप ट्रूमन यांना पुन्हा नको होतं. आणि हेही खरं, की कम्युनिस्ट देशाचे सैनिकच तिकडे जायला नाही म्हणतात, यापेक्षा मोठी जाहिरात दुसरी काय असणार? दया आणि जाहिरात या दोन गोष्टी इथे इतक्या मिसळल्यात, की त्या वेगळ्या करणं मला तरी जमत नाही.

मग कलमाचा अर्थ काय लावायचा? घरी जाणं हा कैद्याचा हक्क की त्याच्यावरची सक्ती? करार लिहिणाऱ्यांच्या डोळ्यासमोर जो कैदी होता तो घरी जायला तळमळणारा होता. घर नको म्हणणारा कैदी त्यांनी धरलाच नव्हता. इंजिनिअरिंगच्या भाषेत सांगायचं तर बाउंडरी कंडिशनच बदलली, आणि फॉर्म्युला जुनाच!

बरं, कैदी नाही म्हणतात ते तरी स्वतःच्या मनाने का? इथे गोष्ट आणखी गुंतते. कोजे बेटावरच्या छावण्यांत तारेच्या आत कैद्यांचंच राज्य होतं. काही कंपाउंड कट्टर कम्युनिस्टांची, तर काही कट्टर कम्युनिस्टविरोधकांची. मे १९५२ मध्ये तर कैद्यांनी चक्क छावणीच्या अमेरिकन जनरललाच पकडून ठेवलं. विरोधकांच्या कंपाउंडमध्ये अंगावर कम्युनिस्टविरोधी घोषणा गोंदवल्या जात, काहींच्या जबरदस्तीने. अशी गोंदलेली छाती घेऊन माणूस चीनला परत कसा जाणार? मारहाण होत होती, खून होत होते. तेव्हा ‘मी जाणार नाही’ हे कोण बोलतंय, तो माणूस, की त्याच्या मागे दांडका घेऊन उभा असलेला कंपाउंडचा दादा, हे बाहेरच्याला कळायचा मार्ग नव्हता.

तोडगा निघाला तो भारताच्या ठरावातून. डिसेंबर १९५२ मध्ये युनोने कृष्ण मेनन यांनी मांडलेला ठराव मंजूर केला. कल्पना अशी की न जाऊ इच्छिणारे कैदी तटस्थ देशांच्या आयोगाकडे द्यायचे, त्यांच्या मायदेशाच्या प्रतिनिधींनी येऊन त्यांना समजावून सांगायचं, आणि मग कैद्याने निवड करायची. चीनने आधी हा ठराव धुडकावला, पण पुढच्या वर्षी स्टालिन गेल्यावर वारं फिरलं. मध्येच जून १९५३ मध्ये दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन ऱ्ही यांनी कुणालाही न विचारता छावण्यांची दारं उघडून पंचवीस हजारांवर उत्तर कोरियन कैदी परस्पर सोडून दिले. तह मोडता मोडता वाचला. शेवटी २७ जुलै १९५३ रोजी पानमुनजोमला युद्धबंदी झाली. परत जाऊ इच्छिणाऱ्यांची देवाणघेवाण महिनाभरात उरकली. उत्तरेकडे पंचाहत्तर हजारांवर गेले, दक्षिणेकडे बारा हजारांवर आले.

उरले ते नाही म्हणणारे. युनोच्या बाजूकडून २२,६०४, त्यांत १४,७०४ चिनी आणि ७,९०० कोरियन. आणि कम्युनिस्टांच्या बाजूकडून ३५९, ज्यांत २३ अमेरिकन आणि एक इंग्रज! होय, उलट दिशेने नाही म्हणणारेही होते, हे अमेरिकेला फार झोंबलं.

आयोगात पाच देश: स्वीडन, स्वित्झर्लंड, पोलंड, चेकोस्लोव्हाकिया आणि अध्यक्षपदी भारत. पहिले दोन एका बाजूचे, पुढचे दोन दुसऱ्या बाजूचे, म्हणजे प्रत्येक वेळी निर्णायक मत भारताचं, म्हणजे थिमय्यांचं. कैद्यांना प्रत्यक्ष सांभाळायला भारताने पाच-सहा हजार सैनिकांची कस्टोडियन फोर्स पाठवली आणि तिचे प्रमुख होते मेजर जनरल थोरात. कांगावची जोडी पुन्हा एकत्र!

सुरुवातच झकास झाली. भारताने कम्युनिस्ट चीनला मान्यता दिलेली, म्हणून ऱ्ही साहेबांच्या लेखी आपण शत्रूच. भारतीय सैनिकांचे पाय आमच्या भूमीला लागता कामा नयेत, असा त्यांचा हुकूम. मग काय, इंचॉनच्या बंदरात जहाजं आली आणि सगळ्या फौजेला अमेरिकन हेलिकॉप्टरमधून उचलून थेट दोन्ही सैन्यांच्या मधल्या निर्लष्करी पट्ट्यात नेऊन सोडलं. १९५३ सालची हेलिकॉप्टरं एका खेपेत किती माणसं नेणार! किती फेऱ्या झाल्या असतील याचा हिशोब वाचकांनी घरी करावा. तिथे तंबूंचं गाव वसलं, त्याचं नाव ठेवलं हिंदनगर.

कैद्यांनी स्वागत केलं ते शिव्या आणि दगडांनी. भारतीय आपल्याला कम्युनिस्टांच्या ताब्यात देणार असं त्यांना पढवून ठेवलेलं. साधारण पाच-पाचशेचं एकेक कंपाउंड, प्रत्येकाचा पुढारी, झेंडे, ढोल, घोषणा, आणि कंपाउंडांचा आपसात व बाहेरच्यांशी गुप्त संपर्क. सप्टेंबरच्या शेवटी त्यांनी एका भारतीय मेजरला आत ओढून नेलं. बाहेर आपले जवान संतापलेले, बंदुका तयार. गोळीबार केला तर मेजर जिवंत राहणार नाही, शिवाय हजारो कैदी तारा तोडून निघाले तर निर्लष्करी पट्ट्यात कत्तल होणार आणि कदाचित युद्ध परत पेटणार. थोरात स्वतः शस्त्र न घेता आत गेले. घोषणांच्या गदारोळात त्यांनी शांतपणे बोलणं सुरू केलं, पाहुण्याला तुमच्याकडे असं वागवतात का अशा वळणावर विषय आणला, आणि शेवटी चहा-सिगारेटपर्यंत गोष्ट आली असं सांगतात. मेजरसाहेबांना घेऊनच थोरात बाहेर पडले. कोल्हापुरी माणूस चिडला की काय करतो हे सगळ्यांना माहीत असतं, पण न चिडता काय करू शकतो ते इथे वाचावं!

दर वेळी एवढ्यावर भागलं नाही. ऑक्टोबरच्या पहिल्या दोन दिवसांत कैद्यांनी तारांवर हल्ला चढवला तेव्हा आपल्या जवानांना गोळी चालवावी लागली आणि कैदी मेले. त्यानंतर ऱ्ही सरकारच्या धमक्या आणखी वाढल्या.

आता ते तंबू. समजावणीचा तंबू म्हणजे आतमध्ये पाच देशांचे प्रतिनिधी, दुभाषे, मायदेशाचे समजावणारे, दुसऱ्या बाजूचे निरीक्षक, आणि तंबूला बाहेर जायचे दोन दरवाजे. एकातून गेलं की मायदेश, दुसऱ्यातून गेलं की परत छावणी. कैदी एकटा आत यायचा, दोन्ही बाजूंना भारतीय जवान. बरेच जण आल्याआल्या ओरडायला लागायचे, घोषणा द्यायचे, समजावणाऱ्याच्या अंगावर धावून जायचे. काही नुसते बसून राहायचे. समजावणारेही काही कमी नव्हते, एकेका माणसाला तासन्‌तास धरून बसायचे. आपल्याला वायवाला दहा मिनिटं बसवलं तरी घाम फुटतो, इथे तर उत्तरावर पुढचं सगळं आयुष्य!

१५ ऑक्टोबरला काम सुरू झालं आणि दुसऱ्याच दिवशी कोरियन कंपाउंड अडून बसलं, आम्ही बाहेरच येणार नाही. इथे थिमय्यांपुढे खरा पेच आला. समजावणी ऐकणं ही नियमांप्रमाणे आयोगाने करून द्यायची गोष्ट होती. पोलंड-चेकोस्लोव्हाकियाचं म्हणणं, जबरदस्तीने बाहेर काढा, पुढाऱ्यांना वेगळं करा, त्याशिवाय खरं मत कळणारच नाही. स्वीडन-स्वित्झर्लंडचं म्हणणं, नियमांत कैद्यांवर बळ वापरायला मनाई आहे, जबरदस्ती केलीत तर आम्ही यात नाही. कागदावर दोघेही बरोबर! बळ वापरलं नाही तर कंपाउंडच्या दादांचं बळ चालतच राहतं. आणि वापरलं तर निःशस्त्र माणसांवर बंदूक रोखून त्यांना स्वातंत्र्याचं व्याख्यान ऐकवायचं, म्हणजे विनोदच. आत घुसायचं तर शेकड्यांनी माणसं मरतील असा अंदाज होता.

थिमय्यांनी बळ वापरायला नकार दिला. चीनने त्यांना अमेरिकेचे हस्तक म्हटलं. त्याआधी तंबूंच्या जागांवरून आणि नियमांच्या अर्थावरून दक्षिण कोरियाने आणि अमेरिकन वर्तमानपत्रांनी त्यांना कम्युनिस्टांचे मित्र ठरवलं होतंच. म्हणजे शिव्यांची वाटणी अगदी समान झाली.

आमच्या विंगमध्ये या निर्णयावरून एकदा रात्री दोनपर्यंत वाद झाला. एका मित्राचं म्हणणं, थिमय्यांनी हात झटकले, गुंडांना छावणी मोकळी सोडली. मला ते पटत नाही. ते पुढाऱ्यांना मोडू शकले असते, पण त्यासाठी जी माणसं मेली असती तीच तर वाचवायची होती ना? आणि त्यांनी काही झाकूनही ठेवलं नाही. डिसेंबरअखेर आयोगाचा अहवाल गेला तेव्हा भारताने पोलंड आणि चेकोस्लोव्हाकियाच्या बरोबरीने सही केली. त्यात स्पष्ट लिहिलं होतं की ज्या कैद्याला परत जायचं असेल त्याला ते चोरून, जिवावर उदार होऊन करावं लागतं. स्वीडन आणि स्वित्झर्लंडने वेगळा अहवाल दिला. म्हणजे बळ वापरायच्या प्रश्नावर थिमय्या एका गटाबरोबर आणि छावणीत काय चाललंय हे सांगताना दुसऱ्या गटाबरोबर. तटस्थ म्हणजे मधोमध उभा राहणारा, अशी माझी समजूत होती. इथे तसं काही दिसत नाही.

आणि जीव धोक्यात घालून येणारे खरंच आले. रात्री तारेवर चढून, गस्तीवरच्या भारतीय शिपायाच्या अंगावर जवळजवळ उडी घेऊन, काही जण हातवाऱ्यांनी सांगायचे की मला घरी पाठवा. पकडले गेले तर कंपाउंडमध्ये काय होईल हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

नव्वद दिवसांची मुदत २३ डिसेंबरला संपली. प्रत्यक्ष समजावणी झाली जेमतेम दहा दिवस, आणि तंबूत पोचले सुमारे तीन हजार कैदी. ठरल्याप्रमाणे उरलेल्यांचा प्रश्न एका राजकीय परिषदेकडे जायचा होता, पण ती परिषद भरलीच नाही. अमेरिका म्हणाली, मुदत संपली की कैद्यांना मोकळे नागरिक म्हणून सोडा. चीन म्हणाला, समजावणी अपुरी आहे, ती चालू ठेवा, सोडू नका. थिमय्यांना दोन्ही अधिकार नव्हते. सोडलं तर परिषदेचा हक्क आपण घेतला असं होतं, आणि ठेवलं तर कुठल्या कायद्याने, किती दिवस? त्यांनी तिसरी वाट काढली. ज्यांच्याकडून घेतले त्यांच्या हवाली कैदी परत केले. २० जानेवारी १९५४ पासून कैद्यांच्या रांगा दक्षिणेकडे चालू लागल्या. चिनी कैदी जहाजांनी तैवानला गेले आणि तिथे २३ जानेवारी हा दिवस पुढे ‘स्वातंत्र्य दिन’ म्हणून साजरा होऊ लागला. ही तिसरी वाट कायद्याची कसरत होती हे मान्य. पुढे काय होणार हे सगळ्यांनाच दिसत होतं, आणि परत करणं आणि सोडणं यातला फरक कागदावरच होता. पण त्या कसरतीमुळे नवं रक्त सांडलं नाही.

आकडे बघा. २२,६०४ पैकी मायदेशी परत गेले फक्त ६२८. युनोकडे परत गेले २१ हजार ८३९. काही कैदेतच वारले, काही निसटले. उलट बाजूच्या ३५९ पैकी दहा जणांनी मन बदललं, त्यांत दोन अमेरिकन होते. त्या दोघांवर घरी गेल्यावर कोर्ट मार्शल झालं. घरी या, सगळं माफ, असं वाटून जाणाऱ्यांचं घर असं असतं. चीनकडे परत गेलेल्या हजारो कैद्यांचंही तेच. जिवंत पकडले गेलात म्हणजे संशयित. वर्षानुवर्षं चौकश्या आणि अपमान सोसल्यावर १९८० साली कुठे त्यांची नावं सरकारी पातळीवर धुतली गेली. तेव्हा कित्येक म्हातारे झाले होते, कित्येक गेले होते.

आणि ८८ जण असे होते की ज्यांनी दोन्ही दरवाजे नाकारले. त्यांत बहुतेक कोरियन, बारा चिनी. आम्हाला उत्तर नको, दक्षिण नको, चीन नको, तैवान नको, आम्हाला तटस्थ देशात पाठवा. पण असा देश मिळेपर्यंत जाणार कुठे? आपल्या फौजेने त्यांना जहाजावर घेतलं आणि फेब्रुवारी १९५४ मध्ये ते भारताकडे निघाले. पुढे बरेचसे ब्राझील आणि अर्जेंटिनाला गेले, थोडे भारतातच राहिले. कोरियन लेखक चोई इन-हून यांनी १९६० साली याच प्रकारच्या कैद्यावर ‘द स्क्वेअर’ ही कादंबरी लिहिली. तिचा नायक भारताकडे येणाऱ्या जहाजावर आहे आणि तो पोचत नाही. त्या ८८ जणांवर मराठीत मला तरी काही वाचायला मिळालेलं नाही.

१९५४ साली थिमय्यांना पद्मभूषण मिळालं. मे १९५७ मध्ये ते लष्करप्रमुख झाले, आणि संरक्षणमंत्री कोण? ज्यांच्या ठरावाचं ओझं त्यांनी कोरियात वाहिलं तेच कृष्ण मेनन! दोघांचं पटलं नाही. बढत्यांमधला हस्तक्षेप आणि इतर कारणांवरून ऑगस्ट १९५९ मध्ये थिमय्यांनी राजीनामा दिला, पंतप्रधान नेहरूंनी समजावल्यावर मागे घेतला, आणि मग संसदेत नेहरूंनी त्यांनाच बोल लावला. राजीनामा मागे घेतला ही त्यांची चूक असं पुष्कळ जण म्हणतात. मलाही तसंच वाटतं, एकदा दिला तर दिला. १९६१ साली ते निवृत्त झाले, त्याच वर्षी थोरातही. पुढच्याच वर्षी चीनने हल्ला केला तेव्हा दोघेही घरी होते.

कुर्गच्या कॉफीच्या मळ्यात ते फार दिवस राहिले नाहीत. १९६४ साली युनोने सायप्रसमधल्या शांतिसेनेची धुरा त्यांच्याकडे दिली. तिथे ग्रीक आणि तुर्की सायप्रियटांचं भांडण, आणि पुन्हा मध्ये तारा. १८ डिसेंबर १९६५ रोजी तिथेच, निकोसियामध्ये, हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचं निधन झालं. पुढच्या वर्षी सायप्रसने त्यांच्या स्मरणार्थ टपाल तिकीट काढलं.

कोरियातल्या दिवसांवर त्यांनी लिहून ठेवलेलं ‘एक्सपेरिमेंट इन न्यूट्रॅलिटी’ हे पुस्तक १९८१ साली, ते गेल्यावर सोळा वर्षांनी छापून आलं. आपल्या लायब्ररीत ते नाही. मागणीच्या वहीत मी नाव लिहून ठेवलंय, आणखी चार-पाच जणांनी लिहिलंत तर कदाचित येईल.